सतरा नंबरचं डुक्कर

…हां, तर काल लाल फितीपर्यंत आलो होतो. समुद्रात गेलेल्या प्रत्येक पाणबुडीमागे ग्लाशामावशी एका पिल्लाच्या गळ्यात लाल फीत बांधायची. सुरक्षा विभागाचा तो चष्मेवाला अधिकारी नाकाला रुमाल लावून डुकरांच्या गोठ्याच्या दारात उभा, आणि आत ग्लाशामावशी, कागदोपत्री ग्लाफिरा सावेल्येव्ना, हातात बादली घेऊन. तो म्हणतो, "ग्लाफिरा सावेल्येव्ना, या फिती आत्ताच्या आत्ता काढा! आपल्या किती पाणबुड्या समुद्रात आहेत हे अमेरिकेला मोजायचं असेल तर उपग्रह नको न् काही नको. तुमच्या डुकरांच्या माना मोजल्या की झालं."

मावशी म्हणाली, "येऊ दे की मोजायला. आलेच आहेत तर जाताना दोन बादल्या घाणही काढून नेतील. मला एकटीला होत नाही."

त्याने चष्मा पुसला, पण फिती काढायला लावल्याच. आणि खरं सांगायचं तर त्याचं म्हणणं चुकीचं नव्हतं.

महायुद्धात आमच्या सोव्हिएत पाणबुड्या जर्मन जहाज बुडवून परतल्या की नौदलाच्या तळावर भाजलेलं डुकराचं पिल्लू मिळायचं, जहाजामागे एक. मग युद्ध संपलं, जर्मन गेले आणि समोर अमेरिकन आले. यांचं काही बुडवायचं नव्हतं. यांच्या दाराशी जाऊन दोन-तीन महिने पाण्याखाली बसायचं, ते आपल्याला शोधणार, आपण सापडायचं नाही, बस्स. मग पिल्लू कशाबद्दल द्यायचं? तर परत आल्याबद्दल. कप्तानाने पहिला तुकडा कापायचा आणि बोटीवरच्या अठ्ठ्याहत्तरच्या अठ्ठ्याहत्तर माणसांच्या तोंडात नखाएवढा का होईना, एकेक तुकडा पडलाच पाहिजे. तो पडल्याशिवाय सफर संपली असं कोणी मानत नसे. ॲडमिरलने शंभर पदकं लावली तरी नाही.

ही पिल्लं ग्लाशामावशी वाढवायची. तळाच्या मागे, टेकडीच्या आडोशाला तिचा गोठा होता. बोट कधी परतणार हे तिला कोणी सांगत नसे, ते गुप्त. पण मावशी धक्क्यावर जाऊन उभी राहायची आणि बोटीत आंबट कोबीची किती पिंपं उतरतात ते बघायची. सत्तर दिवसांची कोबी, की नव्वदची? त्या हिशेबाने ती कुठल्या डुकरिणीचं पिल्लू कुणाला ते ठरवायची. बोट परत यायची तेव्हा ते बरोब्बर पाच आठवड्यांचं व्हायचं, मेसच्या भट्टीतल्या ट्रेमध्ये मापाने कापल्यासारखं बसायचं. मुख्यालयात नकाशे लावून बसणाऱ्यांचे अंदाज चुकायचे, मावशीचे चुकत नसत.

फिती गेल्या तेव्हा तिने पिल्लांना नावं ठेवायला सुरुवात केली, सगळी अमेरिकन. जॉनी, बॉब, जिमी. "का गं मावशी?" म्हणून विचारलं तर म्हणायची, "भाजताना जीव तुटत नाही."

चौसष्ट सालच्या मार्चमध्ये आमची सतरा नंबरची बोट निघाली, तेव्हा तिने कोबी पाहिली आणि मे महिनाअखेरीचं पिल्लू आमच्या नावावर लावलं. पिल्लू अजून आईच्या पोटात होतं, पण नाव ठरलं होतं. मिस्टर.

मी तेव्हा सतरा नंबरवर डिझेल इंजिनावर होतो. त्या सफरीचं सगळं सांगायला बसलो तर आठवडा पुरायचा नाही, म्हणून चार दिवसांचंच सांगतो. परतीच्या वाटेवर एका अमेरिकन विनाशिकेने आम्हाला पाण्याखाली हेरलं आणि डोक्यावर ठाण मांडलं. डिझेल पाणबुडीला कधी ना कधी वर यावंच लागतं. बॅटरी संपते, हवा संपते. विनाशिकेच्या कप्तानाला हे पक्कं ठाऊक होतं. तो वरून लहान लहान बॉम्ब टाकायचा, मारायला नाही, दारावर टकटक करायला. या वर, फोटो काढू! त्यांच्यात अशी वर आणलेली बोट म्हणजे भिंतीवर टांगायची शिकार. आणि आमच्यात? वर आलेल्या कप्तानाला पुन्हा बोट मिळत नसे.

चौथ्या दिवशी आत पन्नास अंश होते. सगळे चड्डीवर. आमचा कप्तान रोदिओन गेरासिमोविच, सडपातळ, हळू बोलणारा माणूस. तो आमच्या खोलीत आला आणि कुजबुजला, "पोरांनो, वर जायचंच आहे. पण त्याच्या मर्जीने नाही, आपल्या. आवाज नको, भांड्यांना फडकी गुंडाळा."

वर वारा सुटला होता, समुद्र खवळला होता. आमच्या कप्तानाने काय करावं? पळायचं सोडून बोट सरळ त्या विनाशिकेच्याच पोटाखाली घातली. पाणी कापणाऱ्या आपल्याच पंख्यांच्या गोंगाटात जहाज बहिरं असतं, त्याला स्वतःच्या पायाखालचं ऐकू येत नाही. दोन तास त्याचे पंखे आमच्या टाळूवर घुमत होते. आचारी सूपचं पातेलं मिठीत धरून बसला होता, बाळाला धरतात तसं. मग एकदा वर कर्रर्र झालं. आमचे डोलकाठीवरचे सगळे अँटेना गेले. तो वळला, आम्ही वळलो नाही. मोटारी बंद करून तसेच निपचित पडून राहिलो आणि तो आम्हाला शोधत शोधत लांब निघून गेला. मग आम्ही वर आलो, आपल्या मर्जीने. आज तो अमेरिकन कप्तान जिवंत असेल तर म्हातारा झाला असेल, पण आम्ही नेमके कुठे नाहीसे झालो हे त्याला अजून उमगलं नसेल!

जिंकलो खरं, पण तळावर कळवायचं कसं? रेडिओ मुका झाला होता. एक डिझेल तडकलेलं, दुसरं खोकत होतं, आणि तिसऱ्यावर ताशी चार मैल. सरळ वाटेवर अमेरिकन कान लावून बसलेले, म्हणून बर्फाच्या कडेकडेने लांबचा फेरा घेतला. वाटेत व्यापारी जहाजं दिसायची, पण त्यांना हाक मारणं म्हणजे आपण होऊन सापडणं. कोबी संपली. मग ओटचं पीठ आणि गळाला लागेल तो मासा. अडतीस दिवस उशीर झाला.

आता इकडे तळावर काय चाललं होतं ते माझ्या बायकोच्या तोंडून ऐकलेलं सांगतो. ल्युस्या तेव्हा मावशीच्या शेजारीच राहायची. आमच्या बोटीवरच्या वीस-बावीस जणांच्या बायका तळावर होत्या. मे संपला. बोट आली नाही. अधिकाऱ्यांना विचारलं तर "सगळं योजनेप्रमाणे." आणि मग समोरून येणारा अधिकारी रस्ता बदलून जायला लागला. तेव्हापासून बायका बटाट्याच्या साली घेऊन गोठ्यावर जायला लागल्या. साली टाकायच्या आणि बघायचं, मिस्टर आहे ना? आहे. मग घरी जायचं.

मावशीला या जाण्याचा अर्थ कोणी सांगायला नको होता. बेचाळीस साली तिचा नवरा पाणबुडीवर होता आणि ती मेसमध्ये भांडी घासायची. त्याच्या बोटीने जहाज बुडवल्याचं कळवलं होतं, त्यामुळे तिचं पिल्लू ठरलेलं होतं. एके दुपारी तेच पिल्लू भाजून दुसऱ्याच बोटीच्या टेबलावर गेलेलं तिने पाहिलं. नवरा गेल्याचा कागद सहा महिन्यांनी आला. कळलं होतं त्या दुपारीच.

जूनच्या मध्यावर दुसरी एक बोट परतली आणि तिच्या वाटणीचं पिल्लू नेमकं दोन दिवस आधी मेलेलं. भांडारप्रमुख झावारझिन गोठ्यावर आला. माणूस वाईट नव्हता, वरून हुकूम आला की खाली ढकलायचा, इतकंच.

"ग्लाफिरा सावेल्येव्ना, ते मोठं झालेलं पिल्लू द्या."

"ते सतरा नंबरचं आहे."

त्याने इकडेतिकडे पाहिलं. "सतरा नंबर… आता यादीत नाही."

"म्हणजे बोट कुठे आहे ते तुम्हाला माहीत आहे?"

"ते गुप्त आहे."

"म्हणजे माहीत नाही."

तिने त्या बोटीला आपल्या घरचे दोन हंस कापून दिले, पोटात कुट्टूचे शिजवलेले दाणे भरून. त्या बोटीचा कप्तान ट्रेकडे बघून म्हणाला, "आम्ही उडत गेलो होतो असं कोणी सांगितलं?" पण खाल्ले, बोटं चाटून खाल्ले.

झावारझिनला वरून बोलणी बसली. बोट बुडाल्याचं धरलं असताना तिचं डुक्कर कशासाठी पोसता? दुसऱ्या दिवशी तो आचाऱ्याला घेऊन आला तर गोठ्यात मिस्टर नाही.

"पळालं," मावशी म्हणाली.

खरं म्हणजे आदल्या संध्याकाळीच मावशीने मिस्टरला ल्युस्याच्या मैत्रिणीच्या बाबागाडीत, टोपडं घालून, पांघरुणाखाली चेकपोस्टपार नेलं होतं. पहारेकऱ्याने वाकून बघितलं. "कोणाचं बाळ, मावशी?"

"नातू. नाकाने आजोबांवर गेलाय."

पहारेकऱ्याने पुन्हा एकदा वाकून बघितलं, गंभीरपणे सलाम ठोकला आणि फाटक उघडलं. त्याचा भाऊ सतरा नंबरवर टॉर्पेडो खोलीत होता.

मावशीच्या खोलीमागच्या अंगणातल्या लाकडी न्हाणीत डुक्कर राहिलं. संपूर्ण गल्लीला माहीत होतं. झावारझिन तिथून जायला लागला आणि मिस्टर ओरडला की बायका कपडे वाळत घालता घालता मोठमोठ्याने गायच्या. आमची ल्युस्याही गायची. मी तिचं गाणं ऐकलेलं आहे. माझ्या मते डुक्कर बरं होतं.

शेवटी लेखी हुकूम आला. शनिवारपर्यंत डुक्कर मेसमध्ये हजर करा, नाहीतर गोठा सोडा आणि तळाने दिलेली खोलीही सोडा. मावशीचं वय सत्तावन्न, मागे-पुढे कोणी नाही, आणि त्या खोलीशिवाय जगात दुसरं छप्पर नाही. तिने कागद वाचला, घडी केली आणि न्हाणीच्या खिडकीची फट बुजवायला वापरला. बायकांना तिने हुकुमाचं सांगितलंच नाही. सांगितलं असतं तर "आता कापा" असं त्यांनाच म्हणावं लागलं असतं.

मुदत शनिवारची होती. आम्ही गुरुवारी आलो.

उत्तर ध्रुवाकडचा जुलै महिना, सूर्य मावळतच नव्हता, खाडीवर धुकं. टेहळणीच्या टेकडीवरून दिव्याने विचारलं, कोण? आम्ही दिव्याने कळवलं, सतरा. त्याने पुन्हा विचारलं. पुन्हा कळवलं. तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा रोदिओन गेरासिमोविच म्हणाला, "त्याला सांगा, सतरा, म्हणजे अठराच्या आधीची." मग भोंगा वाजला. धक्क्यावरच्या बोटींनी एकेक करत आपापले भोंगे त्यात मिसळले. आमची गंजलेली, वरचं सगळं वाकलेलं, अँटेना उपटलेली बोट आत आली ती त्या आवाजातून. बँडवाले कोटाची बटणं लावत धावत आले आणि निम्म्या वाद्यांनिशीच वाजवायला लागले.

धक्क्यावर ॲडमिरल, त्याच्या मागे झावारझिन, पांढराफटक. बोट तर आली, पिल्लू कुठून आणायचं? कप्तान दाढी वाढलेला, निम्मा झालेला. त्याने सलाम करून सांगितलं, "सतरा नंबर सफर पूर्ण करून हजर. माणसं सगळी आहेत. शत्रूला दिसलो, पण हाती लागलो नाही."

एवढ्यात टेकडीवरून बायका उतरताना दिसल्या. सगळ्यांत पुढे ग्लाशामावशी, हातात दोरी, आणि दोरीला चांगलं तीस-बत्तीस किलोचं डुक्कर, गळ्यात बंदी घातलेली लाल फीत. सुरक्षावाला चष्मेवालाही तिथेच होता. त्याने चष्मा काढून खिशात ठेवला. डुक्कर सरळ चालत येऊन आमच्या रांगेसमोर उभं राहिलं. कप्तानाचा हात सवयीने टोपीकडे गेला.

"मावशी, हा कोण?"

"मिस्टर. तुमचा."

"केवढा झालाय!"

"वेळेवर आला असतात तर ट्रेमध्ये मावला असता."

आमच्या रांगेत पहिलं कोण हसलं ते माहीत नाही. मग सगळा धक्का हसला. ल्युस्या गर्दीतून आली आणि तिने माझ्या छातीवर दोन गुद्दे घातले, तेही हसत हसत.

भट्टीत तो मावणं शक्यच नव्हतं. तेलाचं पिंप उभं चिरून किनाऱ्यावरच निखारे केले, सहा तास भाजला. उशिराचा एक फायदा झाला: नखाएवढ्या तुकड्यावर कोणाला भागवावं लागलं नाही. बायकांना मिळाला, बँडवाल्यांना मिळाला, चेकपोस्टवरच्या पहारेकऱ्याला मिळाला, झावारझिनला तर कप्तानाने स्वतः कानाचा तुकडा दिला.

खाऊन झाल्यावर ॲडमिरल हात पुसत मावशीपाशी आला. हुकुमाचं त्याला तोवर कळलं होतं. त्याने विचारलं, "ग्लाफिरा सावेल्येव्ना, बोट गेली असं आम्ही सगळ्यांनी धरलं होतं. तुमचं छप्पर जात होतं. एक डुक्कर द्यायला तुमचं काय अडलं होतं?"

मावशी हातातली रिकामी दोरी गुंडाळत होती. ती म्हणाली, "साहेब, डुक्कर माझं नव्हतंच. ज्यांचं होतं ते घरी आले नव्हते. मग मी कोणाला विचारून देऊ?"