धुऱ्यापासून कॅमेऱ्यापर्यंत

नारायण गेल्याचं पोस्टकार्ड डोणगावला पोचलं तेव्हा त्याचं तेरावंही उलटून गेलं होतं. त्याच्या बायकोच्या, सुमतीवहिनींच्या हातच्या चार ओळी. त्या वाचताना दुःखाच्या आधी मनात आलं ते असं, की यानं वहिनींना ती गोष्ट सांगितली असेल का... लाज वाटते, पण खरं तेच लिहितो.

आम्ही एका वर्गातले. मॅट्रिक होताच तो मुंबईला पळाला, एका स्टुडिओत दिवे उचलू लागला आणि दहा वर्षांत कॅमेरामन झाला. पौराणिक चित्रपटातले ढगांवरचे देव त्यानं टिपले, तमाशापटातली पावलं टिपली, पुरात बुडालेल्या गावांचा सरकारी माहितीपटही केला. त्या सरकारी कामानंच पुढे घात केला. स्वतः निर्माता होऊन पहिला चित्रपट घ्यायला तो आमच्या शेतात आला, ते दिवस जास्तीची शेतजमीन सरकारजमा करणाऱ्या सीलिंगच्या कायद्याचे होते. माझ्या वडिलांनी जास्तीची जमीन नात्यागोत्यात नावावर करून टाकलेली. आणि नारायण तर कॅमेऱ्यापासून धुऱ्यावर, शेताच्या बांधावर, उभ्या नटीपर्यंत टेप लावायचा, आकडा वहीत लिहायचा. हा सिनेमावाला नव्हे, सरकारचा मोजणीदार आहे, असं लोक कुजबुजू लागले. वडील म्हणाले, "दोस्त असन तुहा. पण वावरात टेप काऊन लावते तो?"

चेहरा स्पष्ट यावा म्हणून अंतर मोजावं लागतं, हे मला फार उशिरा कळलं. विचारलं असतं तर त्यानं तेव्हाच सांगितलं असतं. मी विचारलं नाही, पाळत ठेवली. तो उतरला होता आमच्याच घरी; एका दुपारी तो शेतात असताना माजघरातला त्याचा फिल्मचा डबा अंगणात नेला, चिकटपट्टी सोडली आणि यानं जमिनीचं काय टिपलंय ते पाहायला फीत उन्हात धरली. चित्र एकही नव्हतं. न धुतलेली फिल्म उजेडानं नासते, हेही मला ठाऊक नव्हतं. गुंडाळून, पट्टी लावून ठेवून दिली.

नारायणनं परत आल्यावर ती वाकडी पट्टी पाहिली.

"वसंता, हा डबा कोणं उघडला बे?"

"मले नाही माहीत."

त्यानं माझ्याकडे पाहिलं आणि ती पट्टी अंगठ्यानं सरळ दाबली. मग बाहेर जाऊन आपल्या माणसांना म्हणाला, की ऊन बरोबर नव्हतं, सगळं पुन्हा घ्यायचं. नटी चिडली, तरी तीन दिवसांचं काम त्यानं नव्यानं केलं. वडिलांना त्यातही डावच दिसला. जमिनीला पुढे काही झालं नाही, पण माझा संशय गेला नाही, त्यानं फक्त जागा बदलली. हा मुंबईत माझी फजिती रंगवून सांगत असेल, असं वाटत राहिलं. त्यानं आणखी चित्रपट काढले, दर पत्रात मला बोलावलं. मी गेलो नाही.

पोस्टकार्डानंतर मात्र गेलो. वहिनींनी त्याच्या खोलीत नेलं. मी दाराजवळच्या पलंगावर टेकणार, तोच त्या म्हणाल्या, "तिथे नको, भाऊजी. खिडकीपाशी बसा. आल्यागेल्याला ते त्याच खुर्चीत बसवायचे. इथे माणूस नीट दिसतो म्हणायचे."

बसलो. डोणगावच्या शूटिंगचं तो काही सांगायचा का, असं चाचरत विचारलं. त्या जरा आठवून म्हणाल्या, "ऊन बरोबर नव्हतं म्हणून तीन दिवसांचं काम पुन्हा करावं लागलं, एवढंच."

खिडकीतला उजेड सरळ तोंडावर येत होता. खुर्ची मागे न सरकवता मी त्यांना डब्याचं सगळं सांगितलं.