हळद लावलेला दगड

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही — यजमानांनाही नाही, आणि त्यांना जाऊन आता तीन वर्षं झाली. तुम्हाला का सांगतेय, तेही मला नीटसं कळत नाही.

आम्ही तंजावरकडचे मराठी, पण माझा सगळा जन्म चेन्नईतच गेला. शहराच्या उत्तरेला आमचं बैठं घर, शेजारी सेल्वीअक्काचं. मधे कुंपण नव्हतं. कोपऱ्यात सर्व्हेचा एक दगड होता, तीच हद्द. आसपासचे बाकीचे दगड केव्हाच रस्त्याखाली गेले होते.

बारा वर्षांपूर्वी आम्ही बोअर मारली. यजमान गुम्मिडिपूंडीला कारखान्यात, अक्का लेकीच्या बाळंतपणाला मदुरैला. लॉरी मागे घेताना चाक लागलं आणि दगड उपटून पडला. सगळीकडे राखाडी चिखल. बोअरवाल्याने विचारलं, "टीचर अम्मा, कल्लु कुठे रोवायचा?" मी बोट दाखवलं.

कुठे दाखवलं? — इथेच माझा गोंधळ होतो. जुना खड्डा चिखलाने बुजला होता, हे खरं. मी अंदाजाने सांगितलं, हेही खरं. पण जन्मभर गणित शिकवलेली बाई मी! अंदाज चुकायचाच होता, तर आमच्या बाजूला का नाही चुकला? यजमानांची स्कूटर दोन घरांमधल्या बोळात भिंतीला घासायची, त्यांची रोजची कुरकुर — ती तेव्हा माझ्या मनात होती का? कधी वाटतं, नव्हतीच. कधी वाटतं, तेवढीच होती.

अक्का परतली तर दगड धुतलेला, ताठ उभा. नातू सुखरूप झाला होता. काही नवस बोलली असेल. दर शुक्रवारी ती त्याला हळद-कुंकू लावू लागली. आणि मला — लाज वाटते सांगायला — हायसं वाटलं. आता त्याला कोण हलवणार?

पुढे आम्ही भिंत घालायला काढली. दगडापासून सरळ दोरी धरली, तर ती अक्काच्या स्वयंपाकघरातून गेली. ती म्हणाली, असं कसं होईल? यजमान म्हणाले, दगड खोटं बोलत नाही. सरळ माणूस, कोर्टात गेले. वर्षं गेली, मग मोजणीसाठी कोर्टाने कमिशनर नेमली, एक तरुण वकीलबाई. ती सर्व्हेअरला घेऊन आली. साखळी लावण्याआधी त्याने आम्हा दोघींना विचारलं, दगड मूळ जागेवरच आहे ना?

अक्काच आधी बोलली. "आमा सार, तिथंच आहे. दर शुक्रवारी मीच हळद लावते. सामी आहे तो आमचा, कुठं जाईल?"

मग वकीलबाईने माझ्याकडे पाहिलं. वर्गात मी मुलांना म्हणायचे, हाताची घडी, तोंडावर बोट. तशीच उभी राहिले. तिने लिहून घेतलं: दगड दोन्ही पक्षांना मान्य.

निकाल आमच्या बाजूने लागला. अक्काची पावणेतीन फूट जागा गेली, तिच्यात स्वयंपाकघराची मागची भिंत आणि चूल. आता ती ओसरीत पत्र्याखाली रांधते. पावसात तिचा स्टोव्ह विझतो, ते मला माझ्या खिडकीतून दिसतं. यजमान गेले ते न्याय मिळाला असं समजून. त्यांना तरी सांगायला हवं होतं का? सांगितलं असतं तर ते दुसऱ्या दिवशी कोर्टात गेले असते. मला ते माहीत होतं. म्हणूनच सांगितलं नाही.

बोट दाखवलं तेव्हा मनात काय होतं, ते मला अजून सांगता येत नाही. गप्प उभी राहिले तेव्हाचं येतं. तेव्हा मला सगळं ठाऊक होतं.

दगड आता आमच्या भिंतीच्या आत आहे. दर शुक्रवारी अक्का फाटकाची कडी वाजवते, हळदीची वाटी घेऊन. "टीचर अम्मा, आत येऊ का?" मी फाटक उघडते. ती वाकून दगडाला हळद लावते, हात जोडते आणि जाताना प्रसादाचं एक केळं माझ्या हातावर ठेवते.

मी ते खाते.