शेवटची अकरा मिनिटं

महिला दिनाला आमच्या मंडळात दरवर्षी साड्या आणि उखाणे. या वर्षी मी हट्टाने एक जुना चिनी मूकपट लावायला लावला. पडद्यावर चित्र चालणार आणि मी माइकवर मराठीतून गोष्ट सांगणार. शांघायच्या सूतगिरणीतली मुलगी श्रीमंत घरात सून होते, तिथे पार पिचून जाते आणि शेवटी घर सोडून पुन्हा गिरणीत कामाला लागते.

इथे अमेरिकेत, नेपरव्हिलमधल्या आमच्या शेजारच्या चिनी आजींनी मला चित्रांच्या मधे येणाऱ्या चिनी पाट्यांचा अर्थ इंग्रजीतून सांगितला होता. त्यांची आई तशाच गिरणीत होती. "तेव्हाच्या सिनेमातल्या बायका शेवटी मरायच्या, नाहीतर माफी मागायच्या," त्या म्हणाल्या. "ही निघून जाते. आईला हा सिनेमा म्हणूनच आवडायचा."

नऊ वर्षं नोकरीची परवानगी नसलेल्या डिपेंडंट व्हिसावर काढल्यावर हे माझं स्वतःचं असं पहिलं काम. दोन महिने मी लिहीत होते आणि नवऱ्याला वाचून दाखवत होते. "एंड एकदम भारी आहे यार," तो प्रत्येक वेळी म्हणायचा. लॅपटॉप तोच सांभाळणार होता.

कार्यक्रमात सून सासू-सासऱ्यांपुढे गुडघे टेकते तिथवर आलो. आता ती उठणार होती. तेवढ्यात पडदा काळा झाला, दिवे लागले आणि सगळ्यात आधी टाळ्या वाजवल्या त्या माझ्या नवऱ्याने. पहिल्या रांगेतल्या काकू म्हणाल्या, "छान गं, शेवटी घर सांभाळलं हो पोरीने!"

मी धावत लॅपटॉपपाशी गेले. "क्रॅश झाला का?"

"नाही गं. कमिटीने शेवटची अकरा मिनिटं कट करायला सांगितलं होतं. फॅमिलीज असतात, कशाला उगीच इश्यू?"

"कधी सांगितलं?"

"झाले दोन आठवडे."

म्हणजे दोन आठवडे हा माणूस समोर बसून तोच शेवट ऐकत होता आणि मान डोलावत होता. कमिटीचं मला काही वाटलं नाही. याचा मात्र भयंकर संताप आला.

एवढ्यात प्रेक्षकांत बसलेल्या चिनी आजी आल्या. "ती उठते तो भाग कुठे गेला?"

नवरा माझ्याकडे बघत होता. मी म्हणाले, "टेक्निकल प्रॉब्लेम."

आजींनी लगेच विश्वास ठेवला. त्याच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाल्या, "वाईट वाटून घेऊ नकोस, तुझा काही दोष नाही."

तो हसून थँक यू म्हणाला.