चौकीवरची वही

त्याचं नाव आम्ही कधी विचारलंच नाही. ऐंशीच्या दशकात आम्ही चौघे मित्र दर रविवारी बोरिवलीच्या जंगलात भटकायला जायचो, तेव्हा वनखात्याच्या चौकीवर तो वही उघडून बसलेला असायचा. विटका खाकी शर्ट, कानावर पेन्सिल. आमची नावं, जायची वाट, परतायची वेळ लिहायला लावायचा आणि पिशव्या उघडून काचेच्या बाटल्या मोजायचा.

"माणसं चार, बाटल्या तीन. संध्याकाळी दोन्ही पुरी परत पाहिजेत मला," म्हणायचा.

आम्ही कॉलेजातले शहाणे. त्याची टर उडवायचो, नावं खोटी लिहायचो, बाटल्या तळ्याकाठी दगडावर फोडायचो आणि संध्याकाळी हरवल्या म्हणून थाप मारायचो. एकदा तर डोंगर ओलांडून परस्पर मुलुंडला उतरलो आणि तिथूनच घरी गेलो. त्याला कळवायचं कुणाच्या डोक्यातही आलं नाही.

पुढच्या रविवारी त्याच्या पायाला मोठी पट्टी होती.

"तुमच्यात गोपाळ कोण?" त्याने विचारलं. "अंधार पडेपर्यंत तळ्याकाठी हाका मारत फिरलो. काच घुसली पायात. एकाने तरी ओ द्यायची ना रे!"

आमच्यात गोपाळ नव्हताच. आम्ही एकमेकांकडे पाहिलं, आणि ते त्याला तिथेच कळलं. माफी कुणीच मागितली नाही. मी वही ओढून पहिल्यांदाच माझं खरं नाव लिहिलं.

त्याने ते बोट ठेवून सावकाश वाचलं.

"आता हे आणखी कुणाचं?"