खाणीवर उतरलेला उजेड

देवावर माझा विश्वास नव्हता असं मी म्हणणार नाही, पण त्या दिवसांत तो फार पातळ झाला होता. सासऱ्यांना, म्हणजे आमच्या बाबांना, विस्मरणाचा आजार जडला होता. यवतमाळचं बिऱ्हाड मोडून आम्ही त्यांना वाघोलीत आमच्या फ्लॅटवर आणलं, आणि इथे ते रोज थोडे थोडे हरवत गेले. माझा नवरा कामासाठी परगावी असायचा. मी संध्याकाळी देवीपुढे दिवा लावायचे, हात जोडायचे, आणि मनात यायचं, पलीकडे कुणी ऐकतंय तरी का?

त्यातच आकाशात ते जीव दिसू लागले. ज्यांनी पाहिले त्यांना सांगायला नको. ज्यांनी नाही पाहिले त्यांना सांगून पटणार नाही. तिन्हीसांजेला ते कुठूनसे तरंगत यायचे. पंख नाहीत, डोळे नाहीत. भिजलेल्या मलमलीसारखं अंग आणि आतून फिकट पिवळा उजेड, श्वास घेतल्यासारखा वाढणारा, ओसरणारा. ते जिवंत आहेत हे पाहताक्षणी कळायचं. कुणी म्हणे ते विषारी आहेत, कुणी म्हणे अंगाला लागले तर कातडी भाजते. आमच्या सोसायटीने तर फर्मानच काढलं होतं : अंधारायच्या आत घरात या, खिडक्या लावून घ्या.

त्या संध्याकाळी मी बाबांसाठी खिचडी टाकली आणि बाहेर येऊन पाहते तो दार सताड उघडं. खुर्ची रिकामी. धावत गेटवर गेले. वॉचमन म्हणाला, "काका मागच्या रस्त्याने गेले ना मॅडम. मला वाटलं तुम्ही सोबत आहात."

मागच्या रस्त्याला पुढे दगडाची जुनी खाण आहे. बंद पडलेली, पाण्याने भरलेली, कठडा नसलेली. तेवढ्यात वीज गेली आणि सगळा परिसर काळा झाला. वर पाहिलं तर ते जीव येत होते, नेहमीपेक्षा कितीतरी जास्त. शेजारच्या काकू खिडकीतून ओरडल्या, "अहो, वेड लागलंय का? आत या आधी!"

मी गेले. धैर्य वगैरे काही नव्हतं. थांबणं शक्य नव्हतं, एवढंच.

घाईत मोबाइल घरीच राहिला होता. खाणीपाशी पोचले तेव्हा पायाखालचं दिसत नव्हतं. "बाबा" म्हणून हाक मारली, तर पलीकडच्या दगडावरून माझाच आवाज परत आला. पुढे सरकावं तर कडा कुठे संपते ते कळेना, मागे फिरावं तर बाबा पुढे. मला रडूही येत नव्हतं. मी नुसती उभी राहिले आणि देवीला म्हटलं, "आई, मला दिसत नाही. आता तूच बघ."

ते जीव खाली आले. हे मी जसं घडलं तसं सांगते आहे, त्याचा अर्थ मी लावणार नाही. एकेक करत ते खाणीच्या तोंडावर उतरले, इतके खाली की त्यांची गुणगुण माझ्या दातांत जाणवत होती. एक माझ्या खांद्याला चाटून गेला. मी डोळे मिटून घेतले. भाजलं नाही. झोपलेल्या लेकराच्या कपाळाइतकाच तो ऊबदार होता.

डोळे उघडले तर दगड न् दगड दिसत होता. आणि बाबा दिसले. माझ्या खालच्या टप्प्यावर, अगदी काठाशी, अनवाणी, मान वर करून. एक पाऊल टाकलं असतं तर पाण्यात. ओरडले तर ते दचकतील. मी रोजच्या आवाजात म्हटलं, "बाबा, चहा झालाय."

"येतो ना बाई," ते म्हणाले. "हे पाहू तं दे."

मी उतरायला पाय टाकला आणि माती सुटली. मागून कुणीतरी माझं मनगट घट्ट पकडलं. पन्नाशीची एक अनोळखी बाई, खांद्याला ऑफिसची पर्स. "पुढे मी येत नाही, मला उंचीची भीती वाटते," ती धापा टाकत म्हणाली. "पण हात सोडणार नाही. जा तुम्ही." एका हाताने झुडूप आणि दुसऱ्याने मला धरून ती जमिनीवर चक्क आडवी झाली. मी वाकून बाबांचा सदरा पकडला, मग दंड. ते वर चढेपर्यंत त्यांच्या पावलांपुढे उजेड सरकत राहिला.

आम्ही तिघं रस्त्यावर आलो तसे ते जीव वर निघून गेले. बाई म्हणाली, ती बसमधून उतरून घराकडे पळत सुटली होती. ते सगळे एकाच जागी का जमलेत म्हणून वळून पाहिलं, तर मी दिसले. मी तिच्या पाया पडायला वाकले. "आभार राहू द्या," ती म्हणाली, "आधी काकांच्या पायाला लागलंय ते बघा." आणि गेली. नाव विचारायचं राहूनच गेलं.

त्यानंतर ते जीव वाघोलीवर पुन्हा दिसले नाहीत. ते काय होते हे जाणकारांनाही सांगता आलं नाही, आणि मला आता विचारावंसं वाटत नाही. शरण जाणं म्हणजे हात टेकून बसणं, असं मी समजत होते. त्या काठावर कळलं, आपल्याला दिसत नाही हे कबूल करावं आणि जेवढं दिसेल तेवढ्यावर पाय टाकावा. बाकीचं सांभाळणारं कुणीतरी असतं. कधी ते वरून येतं, कधी बसमधून उतरून.

घरी बाबांचे पाय धूत होते, तेव्हा त्यांनी विचारलं, "कोण होते गं ते?"

"माहीत नाही, बाबा."

मग माझ्या डोक्यावर हात ठेवून म्हणाले, "आले, बरं झालं."