डोंगराच्या देवाचं नाव

रहिमतपूर स्टेशनात गाडी हलली तेव्हा इतरांचे बाप "जपून रं" म्हणत होते. आमचे आबा मात्र खिडकीचा गज धरून गाडीबरोबर चालत ओरडत होते, "ज्या डोंगराव जाशील, त्येच्या देवाचं नाव कळीव! हितं नारळ फोडतो!" पलटणीत भरती झालेला सगळा डबा हसला. दगडू, आबांचा धाकटा लेक असून फलाटावर तूही हसलास, मी पाहिलं.

आपल्याकडं हे खपतं. औंधच्या डोंगरावर यमाई, शिंगणापूरला महादेव. बिनदेवाची टेकडी शोधून सापडायची नाही. पण आबांनी तोच कायदा साऱ्या जगाला लावला आणि माझ्या डोक्याला ताप झाला.

एरिट्रियाच्या उघड्याबोडक्या पठारावर घोटभर पाण्याची मारामार, तिथं पत्र: देव कोण? मग इटली. तिथला अपेनाइन डोंगर देशाच्या मधोमध पाठीच्या कण्यासारखा उभा पसरलाय. एक कडा चढावा तर पुढं दुसरा हजर. चिखलात खेचरं पोटापर्यंत रुतायची. तिथंही पत्र: देव कोण? मी डोंगराचं नाव लिहावं, तर सेन्सॉरचा साहेब त्यावर काळी शाई ओढी. गावात गुलाब शिंपी आबांना पत्र वाचून दाखवताना तिथं अडला की आबा त्यालाच दरडावत, "नीट वाच की रं!" हे तूच कळवलं होतंस.

शेवटी वैतागून लिहिलं, "इथं देव नाही. पुन्हा विचारू नका." साहेबानं एवढं वाक्य मात्र जसंच्या तसं जाऊ दिलं. आबांनी वहाणा काढून आढ्याला टांगल्या. पोरगं बिनदेवाच्या डोंगरावर, ते घरी येईतो अनवाणी राहायचं. परत आलो तेव्हा त्यांच्या टाचांच्या भेगा बघवेनात. पाय धरायचे सोडून मी त्यांच्यावरच खेकसलो. त्याची लाज अजून वाटते.

लढाई संपल्यावर मला लष्कराच्या कोठारात नोकरी मिळाली, ती निलगिरीत. आपला सह्याद्री दक्षिणेकडं जात जात पूर्वघाटाला मिळतो, तिथं. बायकापोरं इथंच आणली. पोरं आता तमिळमध्ये भांडतात आणि भाकरी बघून नाक मुरडतात. आबांनी पुन्हा विचारलंच. आता सेन्सॉर नव्हता, शेजाऱ्याला विचारलं असतं तरी देवाचं नाव कळलं असतं. "कळवतो" म्हणालो. तीन वर्षं झाली, कळवलं नाही.

मग तुझं पत्र आलं. शेवटच्या दिवशी आबांनी विचारलं, "थोरला कंच्या डोंगराव हाय?" तू ठोकून दिलंस, "म्हादेवाच्याच." ते म्हणाले, "मंग जवळच हाय की," आणि डोळे मिटले.

मरत्या माणसाशी खोटं बोललास म्हणून मी महिनाभर तुझ्यावर धुमसत होतो. खरं तर चिडायचं कुणावर, ते मला पक्कं ठाऊक होतं.

हल्ली इथं कुणी गाव कुठं म्हणून विचारतं. घरी पोचायला तीन दिवस लागतात, तीन गाड्या बदलाव्या लागतात. मी सांगतो, जवळच आहे.