पाहुण्यांना पाणी कोणी दिलं?

अमानवीय वगैरे मी मानत नाही. आमच्या घरातला पहिला ग्रॅज्युएट मी, बी.एस्सी. गाव म्हणायचं, "आत्याला बाहेरचं हाय." मीच तिला नांदेडच्या डॉक्टरांकडं नेलं. त्यांनी आजाराचं नाव सांगितलं, गोळ्या सुरू केल्या.

गाव अर्धापूरजवळ, केळीचं. लहानपणी शाळेतून आलो की आत्या केळीच्या पानावर गरम भाकर द्यायची, स्वतःशीच बोलत, हसत... आम्हा पोरांना तिची भीती कधी वाटली नाही. ती मोठ्यांनाच वाटायची.

ताईला बघायला अहमदपूरचे पाहुणे येणार होते. चुलते आत्याबद्दल म्हणाले, "आक्काला मळ्यात ठेवा. येडं हाय घरात म्हणलं की सोयरीक मोडती."

मी शिकलेला, तरी गप्प बसलो. सकाळी मीच तिला मोटारसायकलवर मळ्यातल्या खोलीवर नेलं. गावापासून तीन किलोमीटर. दुपारपर्यंत तिच्याजवळच होतो.

"पाहुणे आले का रे?"

"न्हाई अजून, आत्या."

"आधी पाणी द्या म्हणावं. लांबून यायलेत."

दोनच्या सुमारास वडिलांचा फोन आला — "दोघंबी या. आत्ता."

ओसरीत पाहुणे बसलेले. आत्याला बघून मुलाच्या आई उठल्याच. "ह्याच की! दारात पाणी दिलं, माझ्या चपला सावलीत सरकवल्या. एकट्याच बोलत होत्या. मग दिसल्याच न्हाईत, म्हणून विचारलं."

माझी आई पाणी घेऊन बाहेर आली, तेव्हा पाहुणे म्हणाले होते, "आत्ताच दिलं की." शेजारपाजारचं कुणी आलं नव्हतं. मी नंतर घरोघर विचारलं.

वडील खाली बघत म्हणाले, "माझी बहीण हाय. डोक्याच्या गोळ्या चालू हायत."

त्या बाई आत्याजवळ आल्या. मग म्हणाल्या, "माझ्या भावाच्याबी हायत. आमीबी सांगत न्हवतो... बसवा त्यांला जेवायला, आमच्या पंगतीत."

सोयरीक जमली. ताईच्या हळदीला पहिलं बोट आत्यानं लावलं.

आत्याला जाऊन आता दोन वर्षं झाली. एकदा मी विचारलं होतं, "आत्या, त्या दिवशी तू घरी कशी गेलीस?"

ती हसली. "मला कामून विचारतोस? तूच तर व्हतास माझ्यापाशी. शिकलेला हायस, तूच सांग."